सगुणा नावाचं पाखरू

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही — आणि माझ्याकडं न सांगितलेलं काही उरलंय, यावर आमच्या मुळशीत कुणाचा विश्वास बसणार नाही. ताम्हिणीच्या पावसात माझी छत्री उडाली आणि दांडा सोडला नाही म्हणून मी थेट कोकणात उतरलो, हे मी सांगितलंय. धरणातल्या माशानं माझी होडी ओढत पलीकडं नेली, हेही सांगितलंय, वर शपथ घेऊन. लोक हसायचे, तंबाखू पुढं करायचे, आणखी सांग म्हणायचे. खरं कुणीच धरायचं नाही. मग माझी एकच गोष्ट लोकांनी खरी धरली. तीच सांगायची आहे — आणि बघा, अजून छत्रीवरच घोटाळतोय.

स्वातंत्र्याला दहा-बारा वर्षं झाली असतील. पुण्याचे एक प्रोफेसर आमच्या ओसरीवर उतरले होते. दिव्यावर येणारी पाखरं गोळा करायचे, टाचणी लावून पेटीत ठेवायचे. मी त्यांच्या मागं मागं. असा ऐकणारा पुन्हा कुठं मिळणार? एका दुपारी मी त्यांना वाघाची गोष्ट सांगत होतो. वाघ अगदी हाताच्या अंतरावर आणला होता. तेवढ्यात सगुणा अंगणातून चालली होती, डोक्यावर लाकडाची मोळी. सगुणा म्हणजे वरच्या वाडीतली सुईण. मी तिच्याच हातावर जन्मलो, माझा थोरला भाऊसुद्धा. ती थांबली.

“सायेब, ह्याचं काय ऐकताय? वाघ कुटला? म्हशीचं रेडकू हुतं. ह्यो झाडावर चडून रडत हुता. मी उतरवला ह्याला.”

प्रोफेसर हसले. ओसरीवरची चार माणसं हसली. मीही हसलो. पण आत काय झालं ते कसं सांगू? आयुष्यभर लोक माझ्या गोष्टींना हसले, ते मला गोड लागायचं. त्या दिवशी ते मला हसले.

थोड्या वेळानं प्रोफेसरांना भिंतीवर एक पाखरू दिसलं. राखेच्या रंगाचं, पंखांवर दोन तांबूस ठिपके. हललं नाही तर सारवणाचा पोपडाच वाटेल. ते म्हणाले, हे मला कुठल्या पुस्तकात सापडलेलं नाही, तुमच्याकडे याला काय म्हणतात? आम्ही त्याला काहीच म्हणत नव्हतो. पाऊस सरता सरता घरोघरी यायचं, भिंतीला बसायचं, जायचं. त्याला कोण नाव ठेवणार?

मी म्हणालो, “सगुणा.”

आणि अर्थही सांगितला. हे पाखरू बाळंतिणीच्या घरात बसलं की दोघांतलं एक जातं. जी सुईण मेलेल्या बाळाला हात लावते, तिच्यामागून ते फिरतं. असं मी म्हणालो — का? गुणी बाईचं नाव होतं ते, नावाचा अर्थच तो. मला तोच मोडायचा होता. प्रोफेसर या वेळी हसले नाहीत. मान हलवत ऐकत राहिले. ती चार माणसंही गप्प.

ती शांतता मला चढली. पुढं लावणीच्या चिखलात, गिरणीवर, जिथं माणसं जमतील तिथं मी ती गोष्ट सांगितली. पुण्याचे प्रोफेसर गप्प बसून ऐकत होते, एवढं शेवटी जोडायचो. मग कुणाचं तरी तान्हं गेलं. तेव्हा तान्ही जायचीच. पण पाखरूही बसलेलं होतं — ते कुठं बसत नव्हतं? गावात सगुणा नावाची एक लहान पोर होती, तिला घरचे सोनी म्हणू लागले. सुईणीला बोलावणी येईनाशी झाली. मी बघत होतो. कळत होतं मला. थांबलो नाही.

दोन पावसाळ्यांनी माझी वहिनी अडली. परतीचा पाऊस, वारा, होडी बंद. पौडला दवाखान्यात न्यायला रस्ता उरलेला नव्हता. कुणी न बोलावता सगुणा डोंगर उतरून आली. डोक्यावर इरलं, अंगणात उभी.

“आक्का, मला आत येऊ द्या. आडवं आलं आसंल तर फिरवाया लागंल.”

दाराशेजारच्या भिंतीवर ते पाखरू बसलेलं होतं. आईनं ते पाहिलं, मग माझ्याकडं वळली. माझ्या बाता तिच्याएवढ्या कुणाला ठाऊक होत्या? म्हणाली, “आज तरी खरं बोल. ह्या पाखराचं तू सांगतोस ते खरं हाय, का तुझी बात हाय?”

एक शब्द पुरला असता. बात. आयुष्यात पहिल्यांदा कुणी मला खरं विचारत होतं, आणि दार उघडंच होतं. सगुणा माझ्याकडं पाहत होती.

“खरं हाय, आये,” मी म्हणालो.

दार लागलं. सगुणा गेली नाही. कुंपणाबाहेर पावसात बसून आतल्या बायकांना ओरडून सांगत राहिली — तिला आडवी ठिवू नका, बसती करा, पोट चोळू नका. आईनं आतून कवाडाला पाटा लावला. दिवस मावळायच्या आधी मुलगा झाला. वहिनीचं रक्त थांबलं नाही.

लोक म्हणाले, ती नुसती कुंपणाशी बसली तर हे झालं. तिच्या वाडीनंही तिला तोडलं. ती आणि तिच्या घरची माणसं कोकणाकडं उतरून गेली. कुठं गेली, मी कधी विचारलं नाही.

बारशाला बायकांनी रडतच पाळणा बांधला. भाऊ माझ्याजवळ येऊन बसला. म्हणाला, “तू वेळंवर सांगितलंस म्हणून पोरगं तरी वाचलं. ती आत आली आसती तर दोगंबी गेली आसती. नाव तूच ठिव. तुला नावं सुचत्यात.”

मी नाव सांगितलं. त्याचा अर्थही सांगितला. भावाला तो फार आवडला.