पलीकडचे मुलुंड

जगात मुलुंड एकच आहे असे मानणाऱ्या माणसांची माझ्या मावशीच्या यजमानांना मनापासून कीव येई. त्यांच्या मते जितके आरसे तितकी मुलुंडे होती. त्या प्रत्येकात हेच डोंगर, हीच चिंचेची झाडे आणि हीच माणसे नांदत होती. फक्त प्रत्येकाच्या आयुष्यातला एखादा निर्णय तिकडे उलटा पडलेला असे. चित्रकलेचे शिक्षक म्हणून निवृत्त झाल्यावर काकांनी या विषयाचे सबंध शास्त्र उभारले आणि त्याला ‘दर्पणविद्या’ असे भारदस्त नाव दिले. “तिकडे ट्रॉम्बेला अणू फोडायच्या गोष्टी चालल्यात,” ते म्हणत, “आम्ही काहीही न फोडता संशोधन करतो.” यावर मावशी स्वयंपाकघरातून परवाच फुटलेल्या हातआरशाची आठवण करून देई.

कॉलेजच्या वर्षांत मी त्यांच्याकडे राहत होते. त्या बैठ्या घरात आरसा नाही अशी भिंत नव्हती. सकाळी खाडीकडून ऊन आले की ते एका आरशातून दुसऱ्यात उड्या घेत थेट देवघरापर्यंत पोचे आणि निरांजन लागण्याआधीच देव उजळून निघत. दुपारी आरशांवर धुतलेले पंचे पडत, कारण पलीकडच्यांच्या झोपेत डोकावणे सभ्यपणाचे नव्हते. एरवीही काचेवर टिचकी मारून “येऊ का?” असे विचारल्याशिवाय आरशात पाहायचे नाही, असा दंडक होता. दाढीच्या वेळी तर काकांची फारच पंचाईत होई. त्यांनी वस्तरा उचलावा, तर समोरच्यानेही उचललेला! मग ‘आधी आपण’, ‘छे छे, आधी आपण’ अशा मूक विनवण्या सुरू होत आणि गालांवरच्या साबणाला पापुद्रे सुटत.

“अहो, दोघांपैकी कुणीतरी आटपा,” मावशी ओरडे, “चहा निवतोय.”

पलीकडच्या मुलुंडात काका नाटक कंपनीत गात होते आणि मावशीने दादरच्या एका डॉक्टरशी लग्न केले होते. ही माहिती त्यांनी भर पंगतीत पुरवली तेव्हा मावशीची पळी वरणातच थबकली.

“कसा आहे डॉक्टर?”

“टक्कल पडलंय.”

“असू दे. दाढी तरी वेळेवर करत असेल.”

या शास्त्राला मी पोटभर हसत असे. माझ्या लग्नात ते मला उपयोगी पडेल, असे स्वप्नातही वाटले नव्हते.

आमचे लग्न आम्ही दोघांनीच ठरवले होते. सासूबाईंनी मात्र भावाच्या मुलीला सून करून आणायचे केव्हाच योजले होते. माहेरचा चेहरा घरात वावरावा, एवढीच त्यांची हौस. लग्नाला त्या आल्या, पण माझ्याकडे त्यांनी पाहिले नाही. हळद झाली, अक्षता पडल्या, होमाचा धूर डोळ्यांत गेला. त्यांची नजर माझ्या खांद्यावरून मागच्या केळीच्या खांबाकडेच राहिली. आता उरले होते सूनमुख. सासूने सुनेचे मुख आरशात पाहायचे आणि तिच्या तोंडात साखर घालायची. “मला चक्कर येतेय, ते राहू दे,” असे त्या कुणाला तरी म्हणाल्याचे माझ्या कानांवर आले आणि मुंडावळ्यांआड माझे डोळे भरले. ज्या घरात आयुष्य काढायचे, तिथे माझा चेहराच नको होता.

सूनमुखाच्या आरशाचा मान अर्थातच काकांचा. सुनेला दाखवायचा आरसा आधीचे चेहरे विसरलेला असावा, म्हणून दर्पणविद्येनुसार त्यांनी तो रात्रभर अंगणात उघड्यावर ठेवला होता. माघातली मुलुंडची थंडी! सकाळी तो गारठलेला आरसा उपरण्यात गुंडाळून ते होमाच्या, फुलांच्या आणि माणसांच्या उबेत घेऊन आले. माझ्या शेजारी बळेबळेच बसवलेल्या सासूबाईंसमोर त्यांनी तो धरला, आणि पाहता पाहता काच दुधासारखी पांढरी झाली.

“हे काय? यात तर कुणीच नाही.”

“पलीकडे अजून ठरतंय, विहीणबाई.”

“काय ठरतंय?”

“सून कोण ते. तिकडे तुमची भाची सून झालीय म्हणतात.”

मावशीने काकांची बाही ओढली.

“बघा!” सासूबाई उसळल्या. “तिकडच्या मला तरी अक्कल आहे.”

“आहे ना. पण त्या सकाळपासून रुसून बसल्यात. त्यांना ही हवी होती.”

कुणीतरी फिस्सकन हसले. सासूबाईंचे ओठही हलले, पण त्यांनी ते मिटून घेतले. “पुसा ती काच आधी.”

“छे, ज्याला पाहायचं त्यानंच पुसायचं.”

हा नियम शास्त्रातला होता की काकांनी त्याच क्षणी रचला, ते मला कधीच कळले नाही.

सासूबाईंनी पदराचे टोक हाती घेतले. रेशमाला कपाटातल्या डांबरगोळ्यांचा आणि हिना अत्तराचा वास येत होता. धुके सरले तसे आधी कपाळ उगवले, मग कुंकू, मग सुरकुत्यांत हसणारे थकलेले डोळे. त्यांचा हात थांबला.

“अगं बाई,” त्या पुटपुटल्या, “ही तर आमची आई!”

कुंकवाच्या पेटीतल्या टीचभर आरशात आयुष्यभर त्यांनी स्वतःचे फक्त कपाळ पाहिले होते. माहेरचा चेहरा कधीचाच घरात वावरत होता. किती तरी वेळ त्या त्याच्याकडे पाहत राहिल्या. मग त्यांनी शेजारची काच हळूच पुसली, आणि तिथे मी उगवले.

“नाक बरं आहे,” त्या म्हणाल्या आणि चिमूटभर साखर माझ्या ओठांना लावली.

काकांना जाऊन आता बरीच वर्षे झाली. तो आरसा आमच्या घाटकोपरच्या घरी आहे. सासूबाई दर्पणविद्येची जन्मभर टिंगल करत आल्या. परवा मी त्यांची वेणी घालायला बसले, तेव्हा त्यांनी बांगडीने काचेवर हलकेच टिचकी मारली आणि मान खाली घालून नुसत्याच बसून राहिल्या.

“आई, मान वर करा ना. कशाला थांबलात?”

“थांब गं जरा,” त्या म्हणाल्या, “तुझ्या काकांची दाढी चाललीय.”