विमलवर राज्य कधी आलंच नाही

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, मुलीला नाही, जिच्यापाशी माझ्या पोटात काही म्हणजे काही राहत नाही त्या मैत्रिणीलासुद्धा नाही. मग तुम्हाला का सांगतेय? माहीत नाही हो. कंटाळा आलाय बहुधा. तोंडाने एक सांगायचं आणि मनात दुसरंच ठेवायचं, हे इतकी वर्षं केलं की माणूस दमतो. मी दमलेय.

मी रत्नागिरीतली बालवर्गाची बाई. निवृत्तीला आलेली. मुलांबरोबर खाली बसले की उठताना टेबलाचा पाय धरावा लागतो, आणि मुलं हसतात. उभा जन्म मी पालकांना एकच सांगत आले — पोरांना खेळू द्या. आया येतात, तोंड एवढंसं करून विचारतात, "बाई, हा लिहायला कधी लागणार?" मी म्हणते, अहो, आधी मातीत लोळू दे त्याला. पडेल, रडेल, उठेल. हरायला शिकेल, आपली पाळी येईपर्यंत थांबेल, कट्टी घेईल आणि परत बट्टी करेल. हे पाटीवर कुठे शिकवता येतं? आणि हे सगळं खरंच आहे बरं का. त्यात माझं काही खोटं नाही. खोटं पुढेच आहे.

दरवर्षी पालकसभेत मी एक गोष्ट सांगायचे. देवरुखच्या पुढे आमचं गाव. शाळा सुटली की आम्ही सगळी पोरं कातळावर साखळी खेळायचो. ज्याच्यावर राज्य त्याने इतरांना पकडायचं. जो पकडला जाईल त्याने त्याचा हात धरायचा. मग दोघांनी मिळून तिसऱ्याला — अशी साखळी वाढत जायची. "आणि ज्याला खेळ झेपत नाही," मी म्हणायचे, "त्याला आम्ही हाकलत नव्हतो हं! त्याला लिंबूटिंबू करायचो. तू पळ आमच्याबरोबर, पण तू आउट नाहीस, तुझ्यावर राज्य नाही. आमच्यात एक विमल होती, ती आमची लिंबूटिंबू. बघा, कुणी न शिकवता मुलांनी सगळ्यांना सामावून घेतलं की नाही?"

टाळ्या पडायच्या. एखादी आई डोळेसुद्धा टिपायची. आणि मी नाव घेऊन सांगायचे — विमल! गोष्ट खरी वाटावी म्हणून. काय म्हणावं आता याला?

लिंबूटिंबू कोण असतं, तुम्हाला ठाऊक आहे. कुणाचं तरी शेंबडं धाकटं भावंड, आईने गळ्यात मारलेलं. विमल माझ्याच वर्गात होती. माझ्याहून बोटभर उंच. शाळेच्या शर्यतीत मुलग्यांनाही मागे टाकायची. मग ती कशी लिंबूटिंबू?

सांगते. सांगायचंच आहे म्हणून तर बसलेय.

विमल बौद्धवाडीतली. शाळेत मास्तर सगळ्यांना एका रांगेत बसवायचे, त्यामुळे खेळायलाही ती आमच्यात यायची. तिच्या घरच्यांनी कधीच धर्म सोडला होता. आमच्या घरांनी विटाळ सोडला नव्हता. माझी आई काही दुष्ट बाई नव्हती. मागच्या दारी भांडी घासता घासता एवढंच म्हणाली, "खेळा गो एकत्र, नाय कोण म्हणतंय? पण हातबित धरू नको हां तिचा." ओल्या केसांनी बाहेर जाऊ नको म्हणावं, तितक्या सहज. इतरांच्या आयाही तेच म्हणाल्या असणार, कारण दुसऱ्या दिवशी कातळावर आमची पंचाईत झाली. साखळी म्हणजे हातच धरायचे ना? राज्य कुणावर ते ठरवायला चकायचं, तर तिथेही हातावर हात. तिला घेऊच नका, असं कुणीतरी म्हणालं. पण घेतलं नाही तर मास्तर ओरडणार. आणि खरं सांगू — ती असली की खेळाला मजा यायची.

तेव्हा मी म्हणाले, "आपण तिला लिंबूटिंबू करू!"

मी. दुसऱ्या कुणी नाही. लिंबूटिंबूला चकावं लागत नाही, पकडावं लागत नाही, त्याचा हात धरावा लागत नाही. सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. मला केवढा अभिमान वाटला म्हणून सांगू! संध्याकाळी घरी येऊन आईला सांगितलं, तर ती म्हणाली, "हुशार गो माझी बाय." त्या रात्री मला छान झोप लागली.

विमलला आम्ही विचारलं नाही. पहिले काही दिवस ती खूश होती — कुणाला नको असतं कधीच आउट न होणं? मग मात्र ती मुद्दाम आमच्या साखळीच्या पुढ्यातून पळायला लागली. "धरा ना! धरा मला!" आणि आम्ही सगळी साखळीच्या साखळी वळवून दुसरीकडे पळायचो. एवढी पळणारी मुलगी, पण तिच्यामागे कुणी पळतच नव्हतं. खेळात याहून वाईट काय असतं? हे मी आज बालवर्गाची बाई म्हणून विचारतेय. तेव्हाही कळत नव्हतं असं नाही.

एके दिवशी सगळे पकडले गेले. साखळीच्या टोकाला मी. डाव संपला, पण विमल अजून पळतच होती, एकटी, त्या मोकळ्या कातळावर. मग तिचा वेग कमी झाला. थांबली. आपण होऊन चालत माझ्याजवळ आली आणि हात पुढे केला. "मी पण आउट. धर."

मी माझा हात पाठीमागे नेला.

तिने काय केलं माहीत आहे? तिने स्वतःचा तळवा बघितला. मग तो फ्रॉकला पुसला. नीट, उलटासुलटा करून पुसला — आणि परत पुढे केला. तिला वाटलं, माती लागलीय म्हणून मी धरत नाही.

"लिंबूटिंबूचा हात धरत नाहीत," मी म्हणाले. सगळी हसली. मीसुद्धा हसले. दुसऱ्या दिवसापासून ती खेळायला आली नाही, आणि आम्ही एकमेकांना सांगितलं — रुसली असेल.

तुम्ही म्हणाल, जाऊ दे, तेव्हा लहान होतीस तू. मीही स्वतःला तेच सांगत आले. पण यंदाची गोष्ट ऐका.

यंदाच्या पहिल्या पालकसभेत मी नेहमीप्रमाणे गोष्ट सांगितली. नेहमीप्रमाणे टाळ्या. चहाच्या वेळी मागून एक बाई आल्या. पिकलेले केस, इस्त्रीची सुती साडी, ताठ चालणं. "ओळखलंत काय, बाई? मी विमल." मुलाने इथे ब्लॉक घेतलाय, नात माझ्याच वर्गात आहे, असं सांगत होती. मला नुसते तिचे ओठ हलताना दिसत होते. एका वर्गातल्या आम्ही, आणि ती मला 'तुम्ही' म्हणत होती. मग म्हणाली, "गोष्ट ऐकली तुमची. माझं नाव लक्षात आहे की तुमच्या. एवढं करा — माझ्या नातीवर राज्य येऊ द्या हां."

"हो हो, येणार तर!" मी म्हणाले. सभेतल्या आवाजात. माझ्या एका हातात कप होता. दुसरा रिकामा होता, आणि तो पदर घट्ट धरून होता, हे घरी जाताना माझ्या लक्षात आलं. आता आई नव्हती हो मागच्या दारी. कुणीच नव्हतं.

मग ठरवलं, पुढच्या सभेत खरं सांगायचं. सगळ्यांसमोर, ती असताना. आंघोळ करताना पुटपुटायचे, भाजी चिरताना पुटपुटायचे. नवरा विचारायचा, काय गो, कुणाशी बोलतेस? वाक्य न् वाक्य पाठ झालं. दिवाळीनंतर सभा झाली. विमल माझ्या अगदी समोर येऊन बसली, मागे नाही. मी खेळावर बोलायला लागले. बोलले, बोलले, आणि ती जागा आली तेव्हा — वाळू आणि पाण्याच्या खेळाबद्दल सांगायला लागले. एक आई म्हणाली, "बाई, ती लिंबूटिंबूची गोष्ट सांगा ना! मिस्टरांना मुद्दाम ऐकायला आणलंय." सगळे हसले. मी घड्याळाकडे बघितलं आणि म्हणाले, "आज वेळ झाला हो." वेळ कसला झाला होता? अजून चहासुद्धा यायचा होता.

विमल मांडीवर हात ठेवून माझ्याकडे बघत होती. शेवटपर्यंत बसली. मग उठली, दारात जाऊन नातीला हाक मारली. ती पोर बाहेर माती-पाण्यात खेळत होती. धापा टाकत आली, कोपरापर्यंत चिखल. आजीपुढे हात केला.

विमलने तो पुसला नाही. तसाच धरला, आणि त्या दोघी गेल्या.