रेक्झिनचा पट्टा

भिकन गेल्याचं सुमनवहिनींनी मला फोनवर सांगितलं, आणि हुंदका गिळून पुढच्याच वाक्यात विचारलं, “मास्तर, सोमवारले तुम्हना तो कुस्तीना खेळ शे ना? तुम्ही येज्यात. त्या सांगी गयात.” भिकन तसं सांगून गेला होता. मी शिक्षकांच्या खोलीत नववीच्या वह्या तपासत होतो. लाल पेन हातात तसंच राहिलं. नवरा जाऊन तासही झाला नव्हता आणि ही बाई मला टीव्हीवरच्या कुस्तीचं आमंत्रण देत होती... दुसऱ्या कुणाला वाटलं असतं, दुःखाने हिचं डोकं फिरलं. मला तसं वाटलं नाही. मी “येतो” म्हणालो. या गोष्टीला आता सहा आठवडे झाले.

भिकन माझा लहानपणापासूनचा मित्र. पिंपळनेरच्या शाळेत आम्ही एका बाकावर बसायचो. मी पास होत होत त्याच शाळेत विज्ञान शिकवायला लागलो. तो आठवीतून बाहेर पडला आणि मामाच्या हाताखाली ट्रॅक्टरच्या सीटा शिवायला शिकला. पुढे साक्री रस्त्यावर त्याने स्वतःचं दुकान टाकलं. रेक्झिनचे गुंडाळे, फोम, काथ्या, आणि एक जाडजूड शिलाई मशीन. आमच्या भागात ज्याच्या ट्रॅक्टरची सीट मऊ, त्याने ती भिकनकडून शिवून घेतली असं खुशाल समजावं. अंगाने गडी भरभक्कम. त्या जोरावर तरुणपणी यात्रेतल्या दंगलीत उतरला आणि पहिल्याच जोडीत चीतपट झाला. त्या दिवसापासून त्याने कुस्ती खेळायचं सोडलं आणि पाहायचं मनावर घेतलं. गावात केबल आली तेव्हा अमेरिकेतली ती चकचकीत कुस्ती आम्हाला सापडली, आणि आमची दोघांची लग्नं, मुलं, दुखणीखुपणी सगळं सांभाळून आम्ही ती कधी सोडली नाही.

त्या लोकांचा दर महिन्याला एक मोठा शो असतो. महिनाभर रंगवलेली भांडणं त्यात निकाली निघतात आणि चॅम्पियनचा सोनेरी पट्टा कुणाच्या कमरेला राहणार ते ठरतं. तिकडे तो घरी बसून पाहायलाही वेगळे पैसे मोजावे लागतात, याचं भिकनला फार अप्रूप. “तठला लोके पैसा दीसन देखतस, आपले फुकट भेटस,” असं म्हणत तो पाय लांब करून बसायचा. पैलवानांची इंग्रजी नावं त्याच्या जिभेवर बसायची नाहीत, म्हणून त्याने आपलीच नावं ठेवून टाकली. दाढीवाला तो बोकड. मार खाऊनही दात काढणारा तो हसऱ्या. हे दोघे एकेकाळी जोडीने लढायचे. मग एका शोमध्ये हसऱ्याने बोकडाला पाठीमागून लोखंडी खुर्ची हाणली आणि त्यांचं वैर सुरू झालं. भिकन त्या संध्याकाळी जेवला नाही. मी त्याला हसलो. विज्ञानाचा मास्तर मी, मला राहवेना. म्हटलं, “अरे, कोण जिंकणार ते आधीच ठरलेलं असतं. सगळं लिहिलेलं असतं त्यांचं.” त्यावर तो शांतपणे म्हणाला, “लिखेल व्हई. पन तुले नि मले थोडंच माहीत शे?”

मग त्याने आमचा स्वतःचा पट्टा बनवला. काळं रेक्झिन, आत दुहेरी कॅनव्हास, ताडपत्री आवळायच्या पट्ट्याचं बक्कल, आणि मधोमध फुटक्या पितळी परातीचा कापलेला गोल तुकडा, त्यावर ठोकून ठोकून काढलेला एक बैल. नियम असा की मोठ्या शोमधल्या चॅम्पियनच्या कुस्तीवर दोघांनी एकेक पैलवान निवडायचा. ज्याच्याकडे पट्टा नाही त्याने आधी निवडायचं, उरलेला दुसऱ्याचा. ज्याचा पैलवान जिंकेल त्याच्या घरी पुढच्या शोपर्यंत पट्टा. आणि दुसरा नियम त्याहून कडक. आपल्याकडे तो शो सोमवारी पहाटे लागतो, तेव्हा मला शाळेची घाई आणि त्याला दुकानाची. म्हणून आम्ही तो संध्याकाळी पुन्हा दाखवत तेव्हा दुकानात बसून पाहायचो आणि दिवसभर दोघांपैकी कुणीही निकाल कानावर पडू द्यायचा नाही. मोबाइल आले तसं हे अवघड होत गेलं. सोमवारी वर्गात जो कुणी कुस्तीचं नाव काढेल त्याला मी पहिल्या तासालाच बाहेर उभं करायचो. मुलांना वाटायचं, सरांना कुस्तीचा तिटकारा आहे.

मागच्या वर्षी दिवाळीनंतर भिकनचं पोट दुखायला लागलं. मी त्याला धुळ्याला घेऊन गेलो. तपासण्या झाल्या आणि डॉक्टरांनी मला आणि सुमनवहिनींना आत बोलावलं. भिकन बाहेर बाकावर शेंगा सोलत बसला होता. आत आम्हाला कळलं की हे फार दिवसांचं काम नाही, आणि बाहेर येऊन मी त्याला सांगितलं की आतड्याला सूज आहे, पथ्य पाळलं की उतरेल. आपल्याकडे असंच करतात. कुणी ठरवावं लागत नाही. वहिनींनी माझ्याकडे पाहिलं, मी त्यांच्याकडे पाहिलं आणि ठरलं... एसटीत तो मला म्हणाला, “सूज शे ते उतरी जाई,” आणि उरलेल्या शेंगा त्याने माझ्या हातावर ठेवल्या. त्या मी खाल्ल्या.

तेव्हा पट्टा माझ्याकडे होता. त्या महिन्यात त्याने बोकड निवडला आणि बोकड जिंकला. पट्टा कमरेला बांधून तो दुकानभर असा मिरवला की आजार बिजार सगळं खोटं वाटावं. बांधताना पट्टा सैल झाला, तर त्याने तिथल्या तिथे आतल्या बाजूला एक नवीन भोक पाडलं. “पथ्यानी पोट कमी व्हयनं,” म्हणाला. आणि मला वाटलं, याला असंच जिंकू द्यावं. याच्या हातून बाकी सगळं जाणारच आहे, हे एक तरी राहू दे. पुढच्या शोच्या सोमवारी मधल्या सुट्टीत मी शाळेमागच्या निंबाखाली उभा राहिलो आणि मोबाइलवर निकाल पाहिला. संध्याकाळी दुकानात बसून, बराच विचार केल्यासारखं दाखवून, हरणारा निवडला. आधी निवडण्याचा मान माझाच होता, कारण पट्टा त्याच्याकडे. पुढेही तो त्याच्याकडेच राहिला. दर महिन्याला तो जिंकायचा आणि दर महिन्याला पट्ट्याला आत एक भोक पडायचं. मी त्याच्याकडे पाहून टाळ्या वाजवायचो.

मग ती चूक झाली. त्या शोमध्ये बोकडाची कुस्ती हसऱ्याशी लागली होती, महिनाभर तेच सांगत होते. पण ऐनवेळी हसऱ्याला दुखापत झाल्याचं नाटक करून त्याच्या जागी भलत्याच एका टकल्याला आखाड्यात उतरवलं, आणि त्याने मार खाल्ला. मी दुपारी हे वाचलं होतं. संध्याकाळी शो सुरू व्हायच्या आधी भिकनने विचारलं, “बोल मास्तर, कोन तुन्हा?” आणि मी बोलून गेलो, “टकल्या.” तो म्हणाला, “कोन टकल्या?” मी सावरायला गेलो, हसऱ्याच म्हणायचं होतं वगैरे. पडद्यावर हसऱ्याला खांद्यावर टाकून नेलं आणि तो टकल्या चालत आला, तेव्हा भिकनने मान वळवून माझ्याकडे पाहिलं. त्याने मग टीव्हीकडे पाहिलंच नाही.

“कव्हयपाईन?” कधीपासून, असं त्याने विचारलं. मी खरं ते सांगितलं. बोटांवर महिने मोजत तो मागे मागे गेला, धुळ्यापर्यंत पोहोचला आणि थांबला. मशीनवर वहिनी होत्या, त्यांनी पाय थांबवला. “मंग मन्हा निकालबी तुले माहीत शे,” भिकन म्हणाला. हा प्रश्न नव्हता. मला उत्तर द्यायचं नव्हतं, पण माझं तोंड त्याने तीस-चाळीस वर्षं वाचलेलं होतं. त्याने विचारलं, “कितला शो बाकी शेतस?” मी म्हणालो, “डॉक्टर म्हणाले... एखादा.” तो ओरडला असता तर बरं झालं असतं. तो एवढंच म्हणाला, “मांगून खुर्ची मारी तू, मास्तर. इतलासा टाइम व्हता मन्हाकडे, नि तू मले जिकाडत बसना.” मग तो उठला आणि पट्टा काढला. बक्कल सोडावंच लागलं नाही. शेवटच्या भोकातही तो इतका सैल झाला होता की नुसता खाली सरकवून त्याने त्यातून पाय बाहेर काढले. पट्टा खुंटीला अडकवला आणि म्हणाला, “हाऊ पट्टा आते ना तुन्हा, ना मन्हा.”

पंधरा दिवस त्याने माझा फोन घेतला नाही. मी रोज शाळेतून येताना दुकानावरून जायचो, पण आत पाऊल टाकायची हिंमत होत नव्हती. बाहेरूनच दिसायचं. तो खाटेवर पडून बोटाने दाखवायचा आणि सुमनवहिनी रेक्झिनवर खडूने माप आखायच्या. सीटचा मागचा गोलवा कसा कापायचा, फोम कुठे दाबायचा, हे त्यांना येत नव्हतं. शिवण त्यांच्याकडे असायची, कापणं नेहमी तोच करायचा. एकदा त्यांनी एक मोठा तुकडा चुकीचा कापला, तर त्याने नवा तुकडा पुढे केला आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला लागला. मी रस्त्यावर उभा राहून ते पाहत होतो. धुळ्याहून परत येताना एसटीत मी खरं बोललो असतो, तर या शिकवणीला पंधरा दिवसांच्या जागी सहा महिने मिळाले असते. दया म्हणून मी जे केलं त्याची किंमत त्याने भरली. हे मला कुणी सांगितलं नाही, मीच पाहिलं.

सोळाव्या दिवशी त्याने बोलावलं. आवाज गेल्यातच जमा होता. मी खाटेशेजारी बसलो आणि माफी मागायला तोंड उघडलं, तर त्याने हात हलवून ते बंद केलं. “पुढला शोले कोन कोन शे?” म्हणाला. मी सांगितलं, बोकड आणि हसऱ्या, यावेळी नक्की. “आते पहिले मी निवडसु. बोकड मन्हा. हसऱ्या तुन्हा.” मी मान डोलावली. त्याने माझं मनगट धरलं, त्या हातात काही उरलं नव्हतं तरी मला ते सोडवता आलं नसतं. “निकाल देखजो नको,” तो म्हणाला. पुढच्या गुरुवारी सकाळी तो गेला. शो सोमवारी होता.

त्या सोमवारी मी मोबाइल घरी ठेवून शाळेत गेलो. मधली सुट्टी वर्गातच काढली. संध्याकाळी दुकानात गेलो तेव्हा वहिनींनी टीव्ही पुसून ठेवला होता आणि भिकनची खुर्ची तिच्या जागी होती. त्यावर कुणी बसलं नाही. वहिनी मशीनपाशी स्टुलावर बसल्या, हातात अर्धवट शिवलेली सीट. त्यांना या खेळातलं काही कळत नव्हतं, तीस वर्षं हे दोन येडे काय पाहतात म्हणून त्या आम्हाला हसत आल्या होत्या. कुस्ती लांबली. बोकड दोनदा पडला आणि दोनदा उठला, आणि मी, हसऱ्या माझा असताना, दोन्ही हात जोडून बोकडासाठी देवाला विनवत होतो. तिसऱ्यांदा तो उठला नाही. हसऱ्या पट्टा घेऊन दात काढत नाचायला लागला. वहिनींनी विचारलं, “कोन जिकनं, मास्तर? त्यास्नावाला का?” त्यांचा, म्हणजे भिकनचा.

त्यांना मी काहीही सांगितलं असतं तरी खरं वाटलं असतं. “हो, भिकन जिंकला,” एवढे तीन शब्द. पट्टा त्याच्या दुकानात, त्याच्या खुंटीवर राहिला असता, आणि माझ्या मनालाही ते फार बरं वाटलं असतं. ते शब्द तोंडात आले होते... मी म्हणालो, “नाही वहिनी. भिकन हरला.”

त्यांनी हातातली सीट खाली ठेवली. मग उठून त्यांनी खुंटीवरचा पट्टा काढला, पदराने पितळ पुसलं आणि माझ्यासमोर धरला. “मंग हाऊ तुम्हना. त्या सांगी गयात, मास्तर खरं बोलनात ते पट्टा देजो.” मी खरं बोललो तरच पट्टा माझा, असं तो सांगून गेला होता. मी तिथे रडलो. आयुष्यात पहिल्यांदा त्या बाईसमोर रडलो आणि मला त्याची लाज वाटली नाही.

दुकान आता वहिनी चालवतात. कापण्याला अजून वेळ लागतो, पण गिऱ्हाईक थांबतं. पट्टा माझ्या घरी, पुस्तकांच्या कपाटाशेजारच्या खिळ्यावर आहे. जिंकणाऱ्याने तो महिनाभर मिरवायचा असा आमचा रिवाज, आणि मी एकदा तो कमरेला लावायला घेतलाही. बाहेरच्या बाजूला आमची जुनी भोकं आहेत, दोन सुखवस्तू पोटांची, वापरून मोठी झालेली. तिथून आत एकेक करत नवी भोकं जातात, महिन्याला एक. बक्कल अजून शेवटच्या भोकात आहे, त्याने पायातून काढला तेव्हा होतं तसंच. ते सोडवल्याशिवाय पट्टा मला बांधता येणार नाही. मी तो पुन्हा खिळ्याला अडकवून ठेवला.