वाऱ्याच्या तीन वाट्या

पर्जन्यमापकात पाणी साचो न साचो, हवामान केंद्रात किस्से मात्र भरपूर साचतात! नव्वदच्या दशकात मी सेनगावच्या एका छोट्या केंद्रावर होतो. माणसं दोनच. मी निरीक्षक, आणि रोजंदारीवरचा राठोड, जवळच्या तांड्यावरचा. त्या वर्षी वरून पत्र आलं होतं. एक साहेब तपासणीला येतील, नोंदी पटल्या नाहीत तर केंद्र बंद. माझी नुसती बदली झाली असती. राठोड मात्र थेट घरी बसला असता, आणि मला त्याचीच काळजी होती.

*

येणारा-जाणारा विचारायचा, "पाऊस कधी येणार?" एकाला मी वैतागून सांगितलं, "काका, आम्ही अंदाज सांगत नाही. पडलेला पाऊस मोजतो."

काका म्हणाले, "पडलेला त आमी बी पाहिला की! मंग पगार कशाचा?"

*

केंद्रात वाऱ्यावरचं एक जुनं इंग्रजी पुस्तक होतं, पन्नासच्या दशकातल्या संशोधनाचं. धूर कुठवर पसरेल याची त्यात समीकरणं होती. समोरच्या वीटभट्टीचा धूर घेऊन मी तासभर गणित करत बसलो. उत्तर आलं, धूर शेजारच्या शांताबाईंच्या अंगणात जाणार! धावत सांगायला गेलो, तर बाई वाळवणाचे पापड केव्हाच घरात घेऊन बसल्या होत्या.

"मावशी, तुम्हाला कसं कळलं?"

"डोळे चुरचुरले, बाबा. तुमचं पुस्तक काय म्हणून राहिलं?"

*

यंत्र बंद पडलं तर वाऱ्याचा जोर नजरेनं ठरवायचा. त्याचा तक्ता त्याच पुस्तकात होता, पण सगळा समुद्राच्या लाटांवर बेतलेला. राठोड म्हणाला, "सर, हिंगोलीत समुद्र कुठून आणू?" त्यानं स्वतःचा तक्ता भिंतीवर लिहिला. विडीचा धूर सरळ वर, तर वारा नाही. दोरीवरचं लुगडं फडफडलं, तर मध्यम. चहावाल्यानं स्टोव्ह फिरवला, तर जोराचा. गुरुजींनी टोपी हातात घेतली, तर वादळ!

मी महिनाभर यंत्राशी ताडून पाहिलं. लेकाचा बराबर निघाला!

*

श्रावणातले दोन सोमवार आभाळ कोरडं ठणठणीत, आणि पर्जन्यमापकात पाणी! राठोडनं आत हात घातला. "सर, ह्यो पाऊस न्हाई. ह्यात बेल हाय."

शांताबाईंना विचारलं, तर त्या उलट मलाच म्हणाल्या, "रोज सकाळी साडेआठला राठोड तिथं वाकून बसतो. मला वाटलं, देवच हाय!"

*

अखेर साहेब आले. रजिस्टर चाळता चाळता मे महिन्याच्या एका पानावर थांबले. त्या दिवशीच्या वादळानं आमच्या वारा मोजायच्या यंत्राच्या तिन्ही वाट्या उडवल्या होत्या. वेगाचा रकाना रिकामा. शेऱ्यात राठोडचं अक्षर: "वाट्या वाऱ्यानं नेल्या. एक विहिरीजवळ सापडली. दुसरी पुढं बाभळीत. तिसरी नरसीत."

"नरसीत? इतक्या लांब?" साहेबांनी कागदावर तिन्ही ठिकाणं मांडली, गणित केलं आणि खुर्चीतून उठलेच. "असा वारा मी उभ्या आयुष्यात पाहिला नाही! यावर मी पेपर लिहिणार. हे केंद्र कोण बंद करतो तेच बघतो!"

मी राठोडकडे पाहून डोळे वटारले. त्यानं मान खाली घातली, मग वर केली.

"साहेब, तिसरी वाटी एसटीच्या टपावर पडली होती. नरसीच्या स्टँडवर कंडक्टरला दिसली, त्यानं परत आणून देली."

आता संपलं सगळं, असं मला वाटलं. साहेबांनी कागदाची घडी करून खिशात घातली, पेन उघडलं आणि तपासणीच्या वहीत लिहिलं: "या केंद्राची नोंद डोळे मिटून खरी मानावी. केंद्र चालू ठेवावे."

सही करून झाल्यावर त्यांनी हळूच विचारलं, "काय रे, कंडक्टरनं वाटीचं तिकीट नाही मागितलं?"

"मागितलं की, साहेब! म्या म्हणलं, वाऱ्याकडून घे!"