दत्तूचा पाय आणि माझा जळफळाट

मंडळी, आज सकाळी गंगापूर धरणावर होतो. माझा शाळासोबती दत्तू निवृत्त हवालदार आहे. सुरुंगस्फोटात त्याचा डावा पाय गेला. आज दिव्यांगांच्या कयाक शर्यतीसाठी राज्य संघाची चाचणी होती. जागा एकच.

होडीत बसताना त्यानं कृत्रिम पाय काढून माझ्या हातात दिला. "धर रे, चिखलात ठेवू नको. आणि पोट आत घे, फोटो काढतायत."

माझी बायको ओरडत होती, "भावजी, जोरात!" माझ्या नावानं ती एवढी ओरडते ती दूध उतू गेल्यावरच.

तो दुसरा यावा, असं मला अगदी मनापासून वाटलं. तो पहिला आला.

तीन पाय घेऊन मी काठावर उभा होतो आणि एका पायाच्या मित्रावर जळत होतो. खरं सांगा, एवढा हलकट मी एकटाच आहे का?