चंपाबाई ग्रंथमाला, पुष्प सहावे

निपाणीच्या कलगोंडा पाटलानं पाच पुस्तकं काढली आणि त्यातलं एकही वाचलं नाही. हे त्याच्या बायकोला, अक्काताईला, जितकं पक्कं ठाऊक होतं तितकं कुणालाच नव्हतं. बेळगावहून पुस्तकांचं गाठोडं आलं की हा ओट्यावर बसायचा, चष्मा धोतराच्या सोग्याला पुसायचा, पहिलं पान उघडायचा आणि त्यावरचं स्वतःचं नाव येणाऱ्याजाणाऱ्याला वाचून दाखवायचा. झालं वाचन. आत शास्त्र छापलंय की शिव्या, याचं त्याला काही सोयरसुतक नव्हतं.

घरचं माणूस गेलं की त्याच्या नावानं शास्त्रदान करायचं, ही तिकडच्या जैनांतली चाल. पुस्तक छापून घ्यायचं, पहिल्या पानावर गेलेल्याचं नाव घालायचं, आणि बस्तीत, म्हणजे जैन देवळात, किंवा यात्रेत फुकट वाटायचं. चाल चांगलीच आहे, तिला कोण नाव ठेवणार? कलगोंडाची पहिली बायको चंपाबाई प्लेगात गेली, अवघ्या एकोणिसाव्या वर्षी. बिचारीनं कधी पाटीसुद्धा हातात धरली नव्हती. तिच्या नावानं यानं आरत्यांचं एक पुस्तक वाटलं. यात्रेतल्या सभेत त्याचं नाव पुकारलं, टाळ्या पडल्या, कुणीतरी 'ग्रंथदाते' म्हटलं, आणि गड्याला चटक लागली. त्या एका पुस्तकाची 'चंपाबाई ग्रंथमाला' झाली.

बेळगावच्या खडेबाजारात एक छापखानेवाला होता, महाबेरकी. न खपलेल्या पुस्तकांचे छापील कागद त्याच्या माळ्यावर उंदीर खात पडलेले असायचे. कलगोंडा गेला की तो हाताला येईल तो गठ्ठा खाली ओढायचा, वर नवं पान डकवायचा आणि शिवून द्यायचा. त्यामुळं मालेचं दुसरं पुष्प निघालं तंबाखूच्या रोपावरच्या किडीचं. तिसरं संगीत नाटक, त्यात दुसऱ्या अंकात एक दारुडा नायकिणीच्या पायांवर लोळतो. चौथ्यात नमुन्याची पत्रं होती, सासऱ्याला, सावकाराला, मामलेदाराला. पाचवं स्वप्नांच्या अर्थांचं. सगळ्यांच्या कपाळावर ठसठशीत अक्षरांत चंपाबाई! आणि खाली एका बाईचं चित्र. ते चंपाचं नव्हे. केसांच्या तेलाच्या जाहिरातीतल्या बाईचा ठसा छापखान्यात होता, तोच दर वेळी उमटायचा. नाटकाचं पुस्तक बस्तीत आरतीनंतर वाटलं तेव्हा उपाध्यांनी चार पानं वाचली आणि घरी जाऊन पुन्हा अंघोळ केली. कलगोंडाला वाटलं, त्यांना उकडत असेल.

ही पाचही पुस्तकं घरात एकटीनं वाचली ती अक्काताईनं. चिकोडीकडच्या एका शाळामास्तराची ती लेक, मराठी आणि कानडी दोन्ही सफाईनं लिहायची. सवतीचं नाव घरात उठताबसता ऐकू यायचं, पण चंपाचा तिनं कधी राग केला नाही. राग करावा असं त्या पोरीनं काही केलंच नव्हतं. मेल्यावरही तिला किड्यांच्या आणि दारुड्याच्या पंगतीला बसवली, याची अक्काताईला कीव यायची. नवऱ्याबद्दल मात्र तिच्या मनात कीव नव्हती. माणूस मूर्ख असला तर चालतं, पण मूर्खपणाला टाळ्या मिळाल्या की त्याच्याबरोबर संसार करणं जड जातं.

तिची स्वतःची एक वही होती. घरामागं कलगोंडाची तंबाखूची वखार, तिथं वीस-पंचवीस बायका दिवसभर पानं झाडायच्या. भुकटी नाकातोंडात जायची, पोटात ढवळायचं, एखादी भोवळ येऊन पडायची. कुणाचं पोर खोकायचं, कुणाचं दूध आटायचं. बायका अक्काताईकडं यायच्या. ती आपल्या आईचं, आजीचं ऐकलेलं औषध द्यायची आणि काय झालं ते वहीत लिहायची. गुण आला तर गुण आला. नाही आला तर तेही लिहायची, 'यानं काही झालं नाही, कुणी देऊ नये.' अशी दहा वर्षं लिहिली. आणि एक दिवस तिला वाटलं, या माणसाच्या घरात पुस्तकं निघायचीच आहेत, तर हे निघावं, आणि त्यावर माझं नाव असावं. जन्मात तिनं एवढी एकच गोष्ट मागितली. सोनं मागितलं असतं तर सोपं गेलं असतं.

कलगोंडानं वही उलटीपालटी करून बघितली आणि सांगितलं, जित्या माणसाचं नाव पुस्तकावर घालत नाहीत, अपशकुन होतो. चंपाच्या नावानं काढतो पाहिजे तर. अक्काताई म्हणाली, मग पाच पुस्तकांवर तुमचं नाव बोटभर अक्षरांत आहे, ते कसं? तो म्हणाला, ते दात्याचं, ते वेगळं. चार दिवसांनी ती म्हणाली, चंपाच्या नावानं काढायचं नाही, माझी वही परत द्या. पण वही तोवर त्यानं छापखान्यात दाखवायला म्हणून नेलीसुद्धा होती. विचारलं की 'बघू, बघू' म्हणायचा. दोन वर्षं नुसतं बघतच होता.

मग मोठी लढाई संपता संपता मानमोडीच्या तापाची साथ आली. घरटी एक माणूस आडवं झालं. वखारीतल्या सात बायका एका आठवड्यात गेल्या. अक्काताई त्यांच्या खोपटांतून पेज आणि काढे घेऊन हिंडत होती, ती एक दिवस स्वतःच उंबऱ्यात बसली आणि तिला उठता येईना. कलगोंडानं पोरं आजोळी पाठवली आणि म्हणाला, लष्कराच्या कॅम्पातला डॉक्टर आणतो. गाडी जुंपून बेळगावला गेला आणि तिथंच राहिला, मावसभावाच्या माडीवर. डॉक्टर आला नाही. औषधाची बाटली आली नाही. कलगोंडाही आला नाही.

तंबाखू घेऊन गेलेल्या रवळू गाडीवानानं तिकडं बातमी नेली, की बाईची वाचा बसलीय, आज-उद्याची सोबत आहे. कलगोंडा रडला. हे खोटं नाही, रवळूनं स्वतः बघितलं. रडून झाल्यावर त्यानं तोंड धुतलं, पगडी घातली आणि निघाला. रवळूला वाटलं, मालक आता घराकडं येणार, म्हणून तो बैल जुंपायला गेला. मालक खडेबाजारात छापखान्याकडं गेले होते.

निपाणीजवळच्या स्तवनिधीची यात्रा दोन-तीन महिन्यांवर होती, तिथं शास्त्रदान व्हायलाच पाहिजे. नेमका छापखानेवाल्याचा माळा रिकामा! लढाईत कागद महागला, तेव्हा त्यानं सगळे जुने गठ्ठे वाण्यांना पुड्या बांधायला विकले होते. मग त्याला फळीवरची वही आठवली. कलगोंडा म्हणाला, हीच घाला, घरचीच आहे. अशी ती वही छापायला गेली. चांगली होती म्हणून नव्हे, जवळ होती म्हणून.

इकडं निपाणीत वखारीतल्या उरलेल्या बायकांनी आळीपाळीनं बसून अक्काताईला चमच्या-चमच्यानं पेज पाजली. ती मेली नाही. दिवाळीनंतर कलगोंडा घरी आला, तर बायको ओट्यावर तांदूळ निवडत बसलेली. त्याच्या तोंडाचा रंग उडाला. बेळगावात फार कामं होती असं काहीतरी पुटपुटला आणि आत गेला. पुस्तकाविषयी अवाक्षर नाही.

महिन्याभरानं रवळूनं गाठोडी आणून ओट्यावर टाकली. कलगोंडा चिकोडीला गेला होता. अक्काताईनं गाठ सोडली. वर मोठ्या अक्षरांत 'चंपाबाई ग्रंथमाला, पुष्प सहावे'. खाली 'घरगुती औषधे व बाळंतिणीची निगा'. ही तिची वही! त्याच्याखाली तेलाच्या जाहिरातीतली ती बाई. आणि बाईच्या पायाशी, 'स्वर्गवासी सौ. अक्काताई कलगोंडा पाटील यांच्या पुण्यस्मरणार्थ. निधन, आश्विन वद्य नवमी. संग्राहक व दाते, कलगोंडा पाटील.'

तिनं दोनदा वाचलं. नवमीला तिनं पहिल्यांदा भात खाल्ला होता, तिला चांगलं आठवत होतं. आधी तिला हसू आलं. मग अंगाची अशी आग झाली की ती उठून परसात गेली आणि पाण्याच्या हौदाशी उभी राहिली. हा माणूस घरी आला नाही. हिला बघायला आला नाही, हिच्या तोंडात पाणी घालायला आला नाही, पण मरणाची तिथी ठरवायला याला फुरसत होती. आणि लिहिलं तिनं, संग्राहक हा!

कलगोंडा आला, गाठोडी बघितली आणि घाम पुसायला लागला. मग त्यानं तोड काढली. चंपाच्या नावाची जुनी पानं शिल्लक आहेत, ती वर डकवू, कुणाला कळायचं नाही. एवढं झाल्यावर याला हे सुचलं! अक्काताई कधी आवाज चढवत नसे, तेव्हाही चढवला नाही.

"पानाला हात लावायचा न्हाय," ती म्हणाली. "जित्या बाईचं नाव घालत न्हाईत म्हणालता. आता मेली म्हणून घातलंय, तर ऱ्हाऊ दे. मला चालतंय."

दुसऱ्या दिवसापासून ती दौत-टाक घेऊन बसली. प्रत पुढ्यात ओढायची, पहिल्या पानावर खालच्या मोकळ्या जागेत लिहायची, 'वरील पुस्तक मी लिहिले आहे. अक्काताई. मार्गशीर्ष.' पाचशे प्रती, अकरा दिवस. कलगोंडा आतबाहेर करायचा, खाकरायचा, एकदा म्हणाला की शाई सांडेल. तिनं पुढची प्रत ओढली.

तरी तो यात्रेला पुस्तकं घेऊन गेलाच. काय करणार, नाव आधी कळवून ठेवलेलं, आणि टाळ्यांचा मोह सुटत नव्हता. शिवाय नावाच्या खाली कुणी वाचत नाही, हा त्याचा स्वतःचाच अनुभव होता. पण सभेचे चिटणीस जिनदत्त मास्तर काटेकोर माणूस, समोरचा कागद शेवटपर्यंत वाचायची त्यांना खोड. खणखणीत आवाजात त्यांनी 'स्वर्गवासी' वाचलं, निधनाची तिथी वाचली, आणि त्याच दमात खालची शाईची ओळही वाचली. मग थांबले. आश्विनात मेलेली बाई मार्गशीर्षात सही करते, हे त्यांच्या ध्यानात यायला थोडा वेळ लागला. मांडवातल्या लोकांना तेवढाही लागला नाही.

हशा पिकला तसा कलगोंडा उठला आणि सांगू लागला, की छापखान्याची चूक आहे. तेव्हा वखारीतल्या बायकांबरोबर आलेली अक्काताई बायकांच्या बाजूला उभी राहिली.

"छापखान्याची चूक न्हाय," ती म्हणाली. "मी तापात पडलेते तवा हे बेळगावात हुते. घरला आले न्हाईत, छापखान्यात गेले. पुस्तक माझं हाय. घ्या आणि वाचा."

कुणी टाळी वाजवली नाही. कलगोंडा खाली बसला. बायका एकेक करून आल्या आणि प्रती घेऊन गेल्या. कितीजणींना वाचता येत होतं, देव जाणे.

संसार मोडला नाही. असल्या गोष्टींनी संसार मोडायला लागले तर निपाणीत चूल पेटायची नाही. अस्तमानाच्या आत ती ताट वाढायची, तो खाली मान घालून जेवायचा. सातवं पुष्प निघालं नाही. पुढं बारा-तेरा वर्षांनी कलगोंडा गेला. पोरांनी विचारलं, आप्पांच्या नावानं कुठलं पुस्तक काढायचं? अक्काताई म्हणाली, कुठलंही काढा, त्यांना सगळी सारखीच. पोरांनी विहिरीला कठडा बांधला, तो निदान कामाला आला.

शेहेचाळीस साली अक्काताई भाचीच्या घरी गेली होती, चिकोडीच्या बाजूला एका खेड्यात. शेजारच्या घरात एक लेकरू डांग्या खोकल्यानं निळंजांभळं होत होतं. त्याची आई, वीस-एकवीस वर्षांची, घाबरून गेलेली. आतून सासू ओरडली, "फडताळातलं चंपाबाईचं पुस्तक काढ गं. तिच्या औषधानं उतार पडतोय."

अक्काताई ओसरीवर भिंतीला टेकून बसली होती. सुनेनं पुस्तक आणलं. धुरानं पिवळं झालेलं, दोऱ्यानं बांधलेलं, पहिलं पान कधीच गेलेलं. तिनं ते अठ्ठावीस वर्षांनी परक्या घरात बघितलं. ते माझं आहे, हे शब्द तोंडापर्यंत आले होते. एवढ्यासाठी तिनं भरल्या मांडवात नवऱ्याची अब्रू काढली होती. तेव्हा लोकांनी ऐकलं ते हशाबरोबर विरून गेलं, आणि वर्षानुवर्षं पुकारलेलं चंपाचं नावच लोकांच्या कानात बसलं. ती बोलायला पुढं सरकलीसुद्धा. पण पोरगी भलतीच पानं उलटत होती, आणि लेकरू खोकत होतं.

"तिथं न्हाय," अक्काताई म्हणाली. "बाळंतिणीचं संपलं की पुढं चवथं पान. अडुळसा कसा द्यायचा, किती द्यायचा, समदं हाय बघ."

पोरीला पान सापडलं. तिनं मान वर करून विचारलं, "आज्जी, तुमी वाचलंय व्हय ह्ये?"

"वाचलंय की," अक्काताई म्हणाली. "बरं लिवलंय बाईनं. आण ते लेकरू हिकडं."