वाघीचा झिरा

रामधन गेल्याचा फोन आला तेव्हा मी नेरला मुलीकडे होतो. "काका, बाबा गेले," एवढंच त्याचा मुलगा प्रकाश बोलला. यवतमाळ, पुसद, उमरखेड अशा एसट्या बदलत पोचेपर्यंत चिता निवली होती. पुसदच्या शाळेत एका बाकावर बसलेला मित्र, आणि त्याचं तोंडसुद्धा पाहायला मिळालं नाही. त्या एसट्यांवर मी अजून चिडलेला आहे... खरं तर चीड दुसऱ्याच गोष्टीची आहे.

आज जिथं अभयारण्य आहे, त्याच डोंगरात पूर्वी रामधनचा बंजारा तांडा होता. उन्हाळ्यात सागाची पानं गळून डोंगर उघडे पडायचे, नाला आटायचा. मग त्याची आई नाल्याच्या रेतीत खड्डा उकरायची, कडेनं दगड रचायची आणि अख्खा तांडा तिथं झिरपलेलं पाणी भरायचा. तिचं नाव वाघी, म्हणून तो वाघीचा झिरा. शाळेच्या सुट्टीत मी त्यांच्याकडे जायचो. वाटीवाटीनं घागर भरताना आमच्या घाईवर ती हसायची. "पानी येऊ तं दे रे," म्हणायची.

पुढे अभयारण्य झालं, तांडा खाली सडकेजवळ आला आणि वाघी तिथंच वारली. काही वर्षांनी पर्यटकांच्या जिप्सी सुरू झाल्या, तशी झिऱ्यावर पाटी लागली, 'वाघीण पाणवठा'. वाघी हे बाईचं नाव असू शकतं, हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. कुण्या शहाण्यानं व्याकरण सुधारून दिलं. पाठोपाठ गोष्टही तयार झाली, की एका वाघिणीनं इथं बछडे वाढवले.

पाटी बदलून घ्यायला रामधन वनखात्याच्या ऑफिसात खेटे घालू लागला. एकदा मी सोबत होतो. साहेब काही वाईट माणूस नव्हता, चहा पाजला त्यानं. म्हणाला, "अहो, अभयारण्यात वाघीणच शोभते. लोकांनाही बरं वाटतं." रामधननं कप खाली ठेवला. "साहेब, याडी होती ते माही. माय. जनावर नोती." साहेब 'बघू' म्हणाला. बाहेर आल्यावर मी रामधनला म्हटलं, "कायले एवढं मनाले लावून घेतं?" तो म्हणाला, "तांडा उठवला, मी काई बोललो नाई. पन तुह्या मायले कोनी जनावर म्हनलं असतं तं?"

तेरावं झाल्यावर प्रकाशनं मला जिप्सीत बसवलं. तो तिथंच गाईड आहे. मागच्या सीटवर नागपूरचं एक कुटुंब होतं. झिऱ्याजवळ गाडी थांबली आणि प्रकाशनं बछड्यांची गोष्ट सांगितली, चांगली रंगवून. मी त्याच्याकडे पाहिलं. "आजीचं सांगतलं तं लोक मोबाईल काढून बसतेत, काका," तो हळूच म्हणाला. मला संताप आला. पण त्यालाही पोट आहे, बोलणार काय? मग त्यानं हौसेनं बोट दाखवलं. "परवानगी काढून नवी पाटी लावली. बाबाच्या आठवनीची."

हिरव्या पाटीवर पांढरी, सुबक अक्षरं होती. वर 'वाघीण पाणवठा' आणि खाली 'रामधन यांच्या स्मरणार्थ'.

मागच्या सीटवरचे गृहस्थ ते वाचून गमतीनं म्हणाले, "हा रामधन कोण? त्या वाघिणीचा बछडा का?"

प्रकाश हसला. मी म्हटलं, "हो. तिचाच."